राजाची दाढ

निवृत्तीनंतर माणसाला दोन गोष्टी हमखास मिळतात. एक म्हणजे रिकामा वेळ आणि दुसरी म्हणजे दातांचा डॉक्टर. मला या दोन्ही एकाच महिन्यात मिळाल्या. उजवीकडची खालची दाढ वर्षभर कुरकुरत होती, ती एका रात्री चांगलीच पेटली. रूट कॅनल करावे लागेल, चार खेपा होतील, असे डॉक्टरांनी सांगितले. त्याच सुमारास एका कादंबरीच्या निमित्ताने प्राचीन इजिप्तच्या लोकजीवनावर माझे वाचन चालू होते. त्यामुळे ग्रंथालयाच्या संदर्भ विभागात माझ्यासमोर पुस्तकांचे दोन ढीग लागू लागले. एका ढिगात हिरड्या, जबडे आणि मुखरोग. दुसऱ्यात नाईलकाठचे शेतकरी, पाथरवट आणि राजे. ग्रंथपालबाई माझ्याकडे जरा काळजीनेच पाहत. हे दोन ढीग एका माणसापाशी येऊन मिळतील, असे मलाही तेव्हा वाटले नव्हते. तो माणूस म्हणजे दुसरा रामसेस. इजिप्तच्या फॅरोंमधला सर्वांत गाजलेला, सर्वांत जास्त पुतळे उभारलेला आणि जवळजवळ सहासष्ट वर्षे गादीवर बसलेला राजा.

या राजाचे चरित्र लिहिणाऱ्यांना साधनांची कधीच वाण पडत नाही, कारण ते लिहिण्याची सोय त्याने स्वतःच करून ठेवली आहे. देवळांच्या भिंती, स्तंभ, डोंगरातले पुतळे, जिथे सपाट दगड दिसला तिथे त्याचे नाव आहे. पूर्वीच्या राजांच्या कित्येक पुतळ्यांवरही त्याने आपले नाव कोरून घेतले, आणि तेही इतके खोल की पुढच्या कोणाला सहजी खरवडून काढता येऊ नये. पण मी बत्तीस वर्षे बँकेत काढलेला माणूस. कर्जदाराने स्वतःविषयी भरून दिलेला अर्ज आणि प्रत्यक्ष जागेवर जाऊन केलेली तपासणी, या दोन कागदांत किती अंतर असते, हे मी पाहिले आहे. रामसेसचे शिलालेख हा त्याचा अर्ज झाला. तपासणीचा अहवाल मात्र त्याच्या तोंडात होता, आणि तो वाचला जायला तीन हजारांवर वर्षे जावी लागली.

रामसेसचे घराणे तसे नवे. त्याचा आजा, पहिला रामसेस, हा मूळचा सैन्यातला अधिकारी. होरेमहेब राजाला वारस नव्हता, त्याने आपल्या या विश्वासू वजिराला गादी दिली. आजोबांनी दोन वर्षेही राज्य केले नाही. त्यानंतर आलेला सेती पहिला हा रामसेसचा बाप. कर्तबगार, शिस्तीचा आणि बांधकामाची उत्तम जाण असलेला. त्याने मुलाला लहानपणापासूनच राज्यकारभारात आणि मोहिमांत सोबत ठेवले. आई तुया हिचा मुलावर चांगलाच प्रभाव होता आणि ती राजमाता म्हणून पुढेही दीर्घकाळ मानाने वावरली. इ.स.पू. १२७९ मध्ये सेती वारला आणि पंचविशीच्या आसपासचा रामसेस गादीवर आला. नव्या घराण्यातल्या माणसाला आपण जुनेच आहोत हे सारखे सांगत राहावे लागते. रामसेसच्या पुतळ्यांच्या हौसेमागे हेही एक कारण असावे, असे मला वाटते.

कारकिर्दीच्या पाचव्या वर्षी, इ.स.पू. १२७४ मध्ये, तो सीरियातल्या कादेशवर चालून गेला. उत्तरेकडे हिटाइट लोकांचे मोठे राज्य होते, आणि ओरोंटिस नदीकाठचे कादेश हे दोन राज्यांच्या मधले नाके. रामसेसच्या फौजेच्या चार तुकड्या होत्या, आमोन, रे, प्ताह आणि सेथ या देवांच्या नावांच्या. वाटेत दोन माणसे सापडली. हिटाइट राजा मुवाताली अजून दूर उत्तरेला, अलेप्पोच्या बाजूला आहे, अशी बातमी त्यांनी दिली. तरुण राजाने ती खरी मानली आणि पहिल्या तुकडीसह पुढे धावला. प्रत्यक्षात मुवाताली आपल्या रथांसह कादेशच्या आडोशालाच दबा धरून होता. मागून येणारी रे तुकडी हिटाइट रथांनी उधळून लावली आणि शत्रू थेट राजाच्या छावणीत शिरला. रामसेस हातातल्या मूठभर रथांनिशी लढला, यात शंका नाही. किनाऱ्याकडून येणारी आणखी एक तुकडी ऐनवेळी पोचली म्हणून तो वाचला. निकाल काहीच लागला नाही. इजिप्तची फौज परत फिरली आणि कादेश हिटाइटांकडेच राहिले.

पण देवळांच्या भिंतींवर हे असे नाही. कर्नाक, लक्सॉर, अबायडॉस, स्वतःचे स्मारकमंदिर रामेसियम आणि दक्षिणेला अबू सिम्बेल, सगळीकडे हीच लढाई कोरलेली आहे आणि सगळीकडे राजा एकटाच हजारोंना लोळवतो आहे. तीन हजार वर्षे जगापुढे एकाच पक्षाचा जमाखर्च होता. १९०६ मध्ये तुर्कस्तानातल्या बोगाझकोय येथे ह्यूगो विंकलर या जर्मन संशोधकाला हिटाइटांच्या राजधानीचे दप्तर सापडले, मातीच्या भाजलेल्या पाट्यांचे, आणि दुसऱ्या पक्षाची खातेवही हाती आली. त्यात कादेशनंतर मुलूख कोणाकडे गेला ते वेगळ्या शाईत लिहिलेले होते. दोन्ही पासबुके ताडून पाहिल्यावर कळले की शिल्लक जुळत नाही.

रामसेसचे खरे मोठेपण मला कादेशमध्ये दिसत नाही, ते त्यानंतर सुमारे पंधरा वर्षांनी दिसते. कारकिर्दीच्या एकविसाव्या वर्षी त्याने हिटाइट राजा तिसरा हात्तुसिली याच्याशी तह केला. एकमेकांवर चाल करायची नाही, तिसऱ्याने हल्ला केला तर मदतीला जायचे, पळून आलेले लोक परत करायचे आणि परत आलेल्यांना शिक्षा करायची नाही, अशी त्यातली कलमे. दोन्ही बाजूंचे मसुदे आज उपलब्ध असलेला हा सर्वांत जुना तह. गंमत म्हणजे तह मागायला समोरचाच आला, असा सूर दोन्ही मसुद्यांत आहे. बँकेत एकरकमी तडजोडी करताना दोन्ही पक्षांची हीच भाषा मी ऐकली आहे. पण तह टिकला. रामसेस असेपर्यंत या दोन राज्यांत पुन्हा युद्ध झाले नाही. या तहाची एक मोठी प्रतिकृती तुर्कस्तानने १९७० मध्ये संयुक्त राष्ट्रसंघाला भेट दिली, ती न्यूयॉर्कच्या मुख्यालयात लावलेली आहे.

तहानंतर दोन राजघराण्यांत पत्रव्यवहार सुरू झाला. रामसेसची पट्टराणी नेफरतारी हिने हिटाइट राणी पुदुहेपा हिला पत्र लिहून सोन्याचा हार धाडला. चौतिसाव्या वर्षी हिटाइट राजकन्या सून म्हणावी तशी वाजतगाजत इजिप्तला आली आणि रामसेसची राणी झाली. याच पत्रांत वैद्यकाचा एक प्रसंग आहे. हात्तुसिलीने आपल्या बहिणीला मूल व्हावे म्हणून इजिप्तकडे वैद्य मागितला. ही बाई पन्नाशीची, कदाचित साठीची आहे, या वयात कोणते औषध लागू पडणार, असे रामसेसने स्पष्टच कळवले, आणि तरीही एक वैद्य आणि एक मांत्रिक पाठवून दिला. इजिप्तच्या वैद्यांची कीर्ती तेव्हा अशी दूरवर गेलेली होती. परराज्याच्या राजबहिणीसाठी वैद्य पाठवणाऱ्या या राजाच्या स्वतःच्या तोंडात काय चालले होते, ते त्या पत्रांत अर्थातच नाही.

इथे जरा थांबून त्या काळच्या भाकरीकडे पाहिले पाहिजे. माझ्या लहानपणी आमच्या गावात वर्षा-सहा महिन्यांनी जात्याला टाकी लावणाऱ्या बाया येत. गल्लीतून त्यांची लांबट हाक ऐकू आली की आजी जाते, पाटा आणि वरवंटा अंगणात काढायची. छिन्नीने ठोकून ठोकून दगड पुन्हा खरबरीत केला जाई. त्यानंतरचे पहिले दळण कोणी खात नसे. कोंडा किंवा मूठभर हलके धान्य दळून जाते धुऊन घ्यायचे आणि ते गुरांपुढे टाकायचे. तरी पुढचे दोन दिवस भाकरी दाताखाली कचकच करायची, आणि आजोबा काही न बोलता ताटातला घास बाजूला काढायचे.

इजिप्तमध्ये फिरते जाते त्या काळी नव्हते. आपल्या पाट्या-वरवंट्यासारख्या दगडांवर बाया गुडघ्यांवर बसून धान्य रगडत. त्यामुळे दगडाची पूड पिठात रोजच उतरे. त्यात खळ्यावर, कोठारात आणि भट्टीवर वाळवंटातून उडून येणारी वाळू. फिल्स लीक नावाच्या एका इंग्लिश दंतवैद्याने थडग्यांत ठेवलेल्या प्राचीन भाकरींचे तुकडे क्ष-किरणांखाली तपासले आणि १९७२ मध्ये आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. त्या भाकरींत वाळूचे आणि दगडाचे कण भरपूर निघाले. ही भाकरी मजूर खाई, कारकून खाई, पुरोहित खाई आणि राजाही खाई. ताटे वेगळी असतील, दगड एकच होता.

रोज असे कण चावले की दातांवरचे कठीण कवच झिजते. हळूहळू पृष्ठभाग सपाट होतो, मग आतला मऊ थर उघडा पडतो आणि शेवटी नसेपर्यंत वाट मोकळी होते. जंतू आत शिरतात, मुळाशी पू साठतो, जबड्याचे हाड कुरतडले जाते. माझ्या डॉक्टरांनी मला क्ष-किरणांची फिल्म उजेडात धरून दाखवली होती, त्यात दाढेच्या टोकाशी ज्वारीच्या दाण्याएवढा काळा डाग होता. इजिप्तमधल्या ममींच्या जबड्यांत असे डाग जागोजाग आहेत. साखर त्यांना ठाऊक नव्हती, गोडासाठी खजूर, आणि ऐपत असेल तर मध. त्यामुळे जुन्या काळात दात किडण्याचे प्रमाण आजच्या मानाने कमी होते. पण झीज आणि तिच्यामागून येणारी गळवे यांनी लहानथोर सर्वांना गाठले. २०१२च्या अखेरीस मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात ब्रिटिश म्युझियमचे ममीवरचे प्रदर्शन आले होते. नेस्पेरेन्नूब या कर्नाकच्या पुजाऱ्याच्या शरीराच्या आत शिरून पाहण्याची सोय त्या चित्रपटात होती. तिथेही मला आठवतात ते त्याचे झिजलेले दातच.

मग दंतवैद्य नव्हते का? होते. रामसेसच्याही चौदाशे वर्षे आधी, झोसर राजाच्या दरबारात हेसी-रे नावाचा मोठा अधिकारी होता. सक्कारा येथल्या त्याच्या थडग्यातल्या लाकडी फळ्यांवर त्याच्या पदव्या आहेत. त्यांतल्या एकीचा अर्थ दंतवैद्यांचा प्रमुख असा लावतात, काहींना तो मान्य नाही. २००६ मध्ये त्याच सक्काऱ्याला राजघराण्याच्या तीन दंतवैद्यांची थडगी उजेडात आली, तीही आधी चोरांनी खणायला घेतली म्हणून. इ.स.पू. पाचव्या शतकात इजिप्त पाहून आलेल्या हिरोडोटसनेही तिथे प्रत्येक रोगाचा वेगळा वैद्य असतो आणि त्यात दातांचाही असतो, अशी नोंद केली आहे. लाइपझिग विद्यापीठात जपून ठेवलेला एबर्स पपायरस हा इ.स.पू. १५५०च्या सुमाराचा वैद्यकग्रंथ. त्यात हलणारा दात पक्का करण्यासाठी पीठ, गेरू आणि मध यांचे मिश्रण भरायला सांगितले आहे. एडविन स्मिथ पपायरसमध्ये निखळलेला जबडा दोन्ही अंगठे तोंडात घालून कसा बसवायचा, ते इतके नेमके दिले आहे की आजचा डॉक्टरही फारसे वेगळे करणार नाही. मात्र हाडाच्या आत साठलेला पू काढायचा कसा, यावर लेप आणि मध यांपलीकडे त्यांच्या हाती फारसे काही नव्हते. वेदना कुठे आहे ते त्यांना कळत होते. तिच्यापर्यंत पोचण्याची वाट त्यांच्याकडे नव्हती.

रामसेसच्या काळातल्या सामान्य माणसाचे आयुष्य पाहायचे तर थीब्जच्या पश्चिमेला देर अल-मदिना या वस्तीत जावे. राजांची थडगी खोदणारे आणि रंगवणारे कारागीर इथे राहत. त्यांचा पगार धान्यात मिळे. साध्या कारागिराला महिन्याला साडेपाच पोती आणि मुकादमाला साडेसात, गहू आणि जव मिळून. ब्रिटिश म्युझियममध्ये चुनखडीचा एक तुकडा आहे. रामसेसच्या चाळिसाव्या वर्षीचे ते हजेरीपुस्तक आहे. चाळीस माणसांची नावे, गैरहजेरीच्या तारखा आणि वर लाल शाईत कारणे. कोणी आजारी, कोणाचे डोळे आले, कोणाला विंचू चावला, कोणी घरी बिअर काढत होता, कोणी भावाच्या प्रेताची व्यवस्था करायला गेला. ते वाचताना मला माझ्या शाखेतले मस्टर आठवले. तीन हजार वर्षांत रजेची कारणे तीच राहिली. फक्त विंचवाची जागा बसने घेतली. राजाच्या सहासष्ट वर्षांच्या सगळ्या शिलालेखांत राजा एकही दिवस आजारी पडलेला नाही. त्याचे मस्टर कोणी ठेवले नव्हते.

आणि तरी तो म्हातारा होत होता. डेल्टामध्ये त्याने पी-रामसेस ही नवी राजधानी वसवली. नूबियात अबू सिम्बेलच्या डोंगरात स्वतःचे चार बसलेले पुतळे कोरले, प्रत्येकी सुमारे वीस मीटर उंच. अस्वानच्या धरणात ते बुडू नयेत म्हणून १९६४ ते १९६८ या काळात सारे मंदिर कापून वर नेऊन बसवले गेले. शेजारचे लहान मंदिर नेफरतारीसाठी. तिथे राणीचे पुतळे राजाच्या बरोबरीच्या उंचीचे आहेत, आणि हे त्या देशात क्वचितच घडले. पण नेफरतारी त्याच्या कारकिर्दीच्या मध्याआधीच गेली. तिचे थडगे १९०४ मध्ये स्कियापारेल्लीला सापडले, त्यातले रंग पाहून आजही माणूस गप्प होतो. दुसरी राणी इसेतनोफ्रेत, तीही गेली. राजाला शंभराच्या आसपास मुले होती म्हणतात, आणि तो एकेकाला पोचवत राहिला. चौथा मुलगा खाएमवासेत हा विद्वान, मेम्फिसच्या प्ताह मंदिराचा मुख्य पुरोहित. पूर्वजांची पडझड झालेली स्मारके त्याने शोधून नीट केली. बापाने दुसऱ्यांची नावे खोडावीत आणि मुलाने ती पुन्हा कोरावीत, असा हा संसार. तो गेला तेव्हा बाप ऐंशीच्या घरात होता. गादीवर अखेर आला तो तेरावा मुलगा मेरनेप्ताह, आणि तोही तोपर्यंत म्हातारा झालेला होता. मधले बारा वारस वाट पाहता पाहता संपले.

तिसाव्या वर्षी त्याने राजाची शक्ती नव्याने भरून यावी म्हणून हेब-सेद हा उत्सव केला. पुढे तो दर दोन-तीन वर्षांनी होत राहिला, एकंदर तेरा-चौदा वेळा. या उत्सवात राजाने ठरलेल्या खुणांमधून धावून दाखवायचे असते. पाठ वाकलेली, कंबर आखडलेली, हृदयाजवळच्या रक्तवाहिन्या कठीण झालेल्या आणि जबडा ठणकणारा, अशा ऐंशी ओलांडलेल्या माणसाने तो विधी कसा पार पाडला असेल, याची कल्पना मी करून पाहतो. भिंतीवर मात्र तो तरुणच आहे. गाल भरलेले, ओठांवर किंचित हसू.

इ.स.पू. १२१३ मध्ये, नव्वदीच्या आसपास तो वारला. राजांच्या खोऱ्यात मोठ्या थडग्यात त्याला ठेवले. पुढे राज्य दुबळे झाले, चोऱ्या वाढल्या. पुरोहितांनी त्याचे प्रेत आधी बापाच्या थडग्यात आणि नंतर आणखी फिरवत देर अल-बाहरीच्या कड्यातल्या एका गुप्त भुयारात नेले. या प्रत्येक बदलीची तारीखवार नोंद त्यांनी शवपेटीवर शाईने करून ठेवली. शवपेटीही त्याची स्वतःची नव्हती. सोने लावलेल्या राजाच्या वाट्याला साधी देवदारी पेटी आली, पण नाव टिकले ते त्या साध्या नोंदीमुळे. कोणा लेखनिकाने आपले काम चोख केले होते, एवढेच.

१८८१ मध्ये ते भुयार सापडले. जवळच्या कुर्ना गावातले एक कुटुंब त्यातल्या वस्तू वर्षानुवर्षे गुपचूप विकत होते. घरात भांडण झाले आणि गुपित फुटले. चाळीसच्या आसपास ममी बाहेर काढून बोटीने कैरोला नेण्यात आल्या. बोट जाताना नाईलच्या दोन्ही काठांवर बाया केस सोडून आक्रोश करत होत्या आणि पुरुष बंदुका झाडत होते, जणू गावातली मयत निघाली होती. १ जून १८८६ रोजी गास्तों मास्पेरोने खेदिवासमोर रामसेसची वस्त्रे सोडली. सारा उरक पाव तासात झाला. तोंडात काळसर लगदा भरलेला होता. तो कात्रीने थोडा कापून काढल्यावर झिजलेले, ठिसूळ पण पांढरे दात दिसले. मास्पेरोने ते चांगल्या स्थितीत असल्याचे लिहून ठेवले. वरून पाहिले तर तसेच वाटत होते. माझ्याही दाढेला वरून काही झालेले नव्हते.

खरी तपासणी झाली ती विसाव्या शतकात. रोंटगेनने १८९५ मध्ये क्ष-किरण शोधले होते. मिशिगन विद्यापीठातले दंततज्ज्ञ जेम्स हॅरिस यांनी १९६०च्या दशकाच्या उत्तरार्धात कैरोच्या राजघराण्यातल्या ममींच्या क्ष-किरण प्रतिमा घेतल्या. मग १९७६ मध्ये रामसेसचे प्रेत बुरशीने खराब होते आहे असे आढळल्यावर ते विमानाने पॅरिसला नेले. तिथे विमानतळावर त्याला लष्करी मानवंदना मिळाली. शंभरावर तज्ज्ञांनी त्याला तपासले, गॅमा किरणांनी बुरशी मारली आणि १९७७ मध्ये तो परत आला. या तपासण्यांतून राजाचे तोंड प्रथमच नीट वाचता आले. दात झिजलेले, हिरड्या मागे सरून हाड उघडे पडलेले आणि खालच्या जबड्यात गळवाने केलेली मोठी पोकळी. पाठीच्या दुखण्याविषयी नंतर तज्ज्ञांत मतभेद झाले, जबड्याविषयी झाले नाहीत. अशा गळवातला संसर्ग रक्तात उतरला तर माणूस दगावतो. रामसेस त्यानेच गेला असे छातीठोकपणे कोणी सांगू शकणार नाही, पण अखेरची वर्षे त्याने या वेदनेसोबत काढली हे नक्की.

पॅरिसला आणखी एक गोष्ट सापडली. त्याच्या नाकात काळ्या मिऱ्याचे दाणे होते. ममी करणाऱ्यांनी नाकाचा आकार टिकावा म्हणून ते भरले असावेत. मिरी ही मलबारची. आपल्या किनाऱ्यावरून गेलेले ते दाणे इतक्या दूरवर एका म्हाताऱ्या राजाच्या देहात तीन हजार वर्षे राहिले. तो जिवंत असताना हेच दाणे कोणी दाढेखाली धरायला दिले असते, तर घटकाभर बरे वाटलेही असते. आपल्याकडे मिरी आणि लवंग यासाठीच तर असतात.

हे मी सहज लिहीत नाही. माझी तीच आजी, जाते अंगणात काढणारी, १९६८ मध्ये गेली. तिची दाढ दुखत होती. लवंग झाली, हिंगाचा बोळा झाला, गालाला शेक झाला. म्हाताऱ्या माणसाचा दात, पडेल आपोआप, असे घरात सगळ्यांचे मत होते. तिचेही होते. गाल सुजला, सूज गळ्यापर्यंत उतरली, ताप भरला आणि आठव्या दिवशी ती गेली. ग्रामपंचायतीच्या वहीत कारण लिहिले गेले ते ताप. पेनिसिलिनचा शोध लागून तेव्हा चाळीस वर्षे झाली होती. तालुक्याचे गाव अकरा मैलांवर होते आणि तिथे डॉक्टर होता. कोणाचाच निष्काळजीपणा नव्हता म्हणावा, तर तोही सगळ्यांचाच होता. दाताने माणूस मरतो, हे आमच्या घरात कोणाला ठाऊक नव्हते.

रामसेसपाशी इलाज नव्हता, त्यामुळे त्याची कीव येते, पण राग येत नाही. माझ्या आजीपाशी इलाज अकरा मैलांवर होता. मुखरोगांवरची ती जाड पुस्तके वाचताना मला सारखे तिचे तोंड आठवत होते, आणि राजाच्या जबड्याचे वर्णन वाचताना मी प्रत्यक्षात तिचा आठवडा समजून घेत होतो. तिच्या मरणाचे खरे कारण मला कळले ते असे, पन्नासहून अधिक वर्षांनी, एका फॅरोमुळे.

३ एप्रिल २०२१ रोजी रामसेससह बावीस राजा-राण्यांच्या ममी कैरोच्या जुन्या संग्रहालयातून मिरवणुकीने फुस्तातच्या नव्या संग्रहालयात नेल्या गेल्या. दिवे, घोडे, वाद्ये, सारे होते. दूरचित्रवाणीवर ती मिरवणूक मी पाहिली होती, तेव्हा माझी दाढ शाबूत होती. आता चौथी खेप संपली आहे. डॉक्टरांनी नस काढून पोकळी भरली, वर टोपी बसवली आणि पुन्हा येण्याची गरज नाही म्हणाले. खर्च निवृत्तिवेतनातून भागला. घरी येऊन मी उजव्या बाजूने भाकरी चावून पाहिली. जगातल्या सर्वांत बलाढ्य राजाला अखेरच्या वर्षांत जे जमले नसेल, ते मी त्या दिवशी स्वयंपाकघरात उभ्याउभ्या केले. नंतर मुलाला फोन करून, तुझी ती दुखणारी दाढ याच आठवड्यात दाखवून घे, एवढेच सांगितले.